नावांत दडलेले गाव : करंजाड्यासाठी एका शोधखेळाचा पाठ

नव्या वसाहतीत राहावयास आलेल्या एखाद्या मुलास पत्ता विचारला, तर तो सेक्टरचा क्रमांक, भूखंडाचा क्रमांक आणि इमारतीचे नाव बिनचूक सांगतो. हा सेक्टर आखला जाण्यापूर्वी येथे काय होते, असे विचारले की मात्र तो गोंधळून जातो. यात त्या मुलाचा दोष नाही. त्याचे आईवडील रोजगारासाठी दूरच्या जिल्ह्यातून आलेले असतात. शेजारचे कुटुंब आणखी वेगळ्या ठिकाणाहून आलेले असते. गावाची जुनी माहिती ज्यांना आहे अशी माणसे दोनच रस्ते ओलांडून राहत असली, तरी त्यांच्याशी बोलण्याचे निमित्त कधी घडत नाही.

असे निमित्त घडवून आणण्याचे एक साधन म्हणून शोधखेळाकडे पाहता येईल. शोधखेळ म्हणजे गटागटांनी, ठरावीक विषय धरून, सूचनांचा माग काढीत एखाद्या गावातून फिरण्याचा खेळ. अलीकडे तो मोबाइलवरील ॲपच्या साहाय्याने खेळला जातो. असा खेळ एखाद्या नव्या नगरात अर्थपूर्ण रीतीने कसा रचावा, याचा विचार प्रस्तुत लेखात रायगड जिल्ह्यातील करंजाडे या गावाचे उदाहरण घेऊन केला आहे. शिक्षक, ग्रंथालयांचे कार्यकर्ते, तरुण मंडळे व गृहनिर्माण संस्था यांना तो उपयोगी पडावा, ही अपेक्षा.

करंजाड्याची जडणघडण

पनवेल शहरालगत, गाढी नदीच्या पलीकडे करंजाडे वसलेले आहे. गाढी नदी माथेरानच्या डोंगरातून निघून पनवेलवरून वाहत खाडीस मिळते. रेल्वे येण्यापूर्वीच्या काळात मुंबईहून पुण्यास जाणारा प्रवासी गलबताने पनवेल बंदरात उतरे आणि तेथून बोरघाटाची वाट धरी. पनवेलची नगरपालिका १८५२ साली स्थापन झाली, यावरून त्या बंदराचे तत्कालीन महत्त्व ध्यानी येते. सभोवारची गावे भातशेती, मिठागरे व मासेमारी यांवर जगणारी, बहुसंख्य आगरी व कोळी वस्तीची होती.

मुंबईवरील लोकसंख्येचा भार कमी करण्यासाठी खाडीपलीकडे नवे शहर उभारण्याची कल्पना चार्ल्स कोरिया, प्रवीणा मेहता व शिरीष पटेल यांनी १९६५ साली मांडली. १९७० साली सिडकोची स्थापना झाली. ठाणे, पनवेल व उरण परिसरातील ९५ गावांच्या सुमारे ३४४ चौरस किलोमीटर क्षेत्रावर नव्या शहराचा आराखडा आखण्यात आला. करंजाडे हे या आराखड्यातील एक नगर होय.

या स्थित्यंतराची किंमत ज्यांनी मोजली त्यांचा उल्लेख केल्यावाचून हा इतिहास पुरा होत नाही. जमिनीच्या रास्त मोबदल्यासाठी दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली शेतकऱ्यांनी लढा दिला. १६ व १७ जानेवारी १९८४ रोजी जासई परिसरात झालेल्या गोळीबारात पाच आंदोलकांनी प्राण गमावले. संपादित जमिनीच्या साडेबारा टक्के विकसित भूखंड मूळ शेतकऱ्यास परत देण्याची योजना या लढ्याचे फलित होय. आजही या भागात घराचा व्यवहार करताना 'साडेबारा टक्क्यांचा भूखंड' हे शब्द सर्रास ऐकू येतात. ते वापरणाऱ्या नव्या रहिवाशांपैकी कितीजणांना त्यामागील कहाणी ठाऊक असेल?

पुढे नवी मुंबई आंतरराष्ट्रीय विमानतळ प्रकल्प आला. त्यासाठी उलवे टेकडी सपाट करण्यात आली व उलवे नदीचा प्रवाह वळविण्यात आला. प्रकल्पक्षेत्रातील चिंचपाडा, कोपर, कोल्ही आदी गावे मूळ जागेवरून हलली आणि त्यांतील अनेक कुटुंबांना वडघर-करंजाडे परिसरात पुनर्वसनाचे भूखंड मिळाले. ८ ऑक्टोबर २०२५ रोजी विमानतळाचे उद्घाटन झाले व २५ डिसेंबर २०२५ पासून तेथून प्रवासी वाहतूक सुरू झाली. तात्पर्य, करंजाडे येथे तीन प्रकारची माणसे शेजारी राहतात : मूळ ग्रामस्थ, विमानतळामुळे स्थलांतरित झालेले आणि बाहेरून आलेले. या तिघांची एकमेकांशी ओळख होणे, हे येथील शोधखेळाचे खरे उद्दिष्ट असावयास हवे.

शोधखेळाची पूर्वपीठिका

माग काढण्याचा खेळ आपल्याकडे नवा नाही. बालवीरांच्या शिबिरांत खुणांवरून वाट शोधण्याचे शिक्षण पूर्वीपासून दिले जाते. इंग्लंडमधील डार्टमूर या माळरानावर १८५४ साली जेम्स पेरॉट नावाच्या वाटाड्याने एका दुर्गम जागी बाटली ठेवली. तेथवर पोहोचणाऱ्याने आपले नावाचे कार्ड तीत टाकावे, असा प्रघात पडला. त्यातून शोधाचा एक स्वतंत्र छंद निर्माण झाला.

उपग्रहांच्या आधारे स्थान दर्शविणारी अमेरिकेची जी.पी.एस. यंत्रणा प्रारंभी सामान्य नागरिकांसाठी हेतुपुरस्सर काहीशी अस्पष्ट ठेवण्यात आली होती. मे २००० मध्ये हे बंधन उठले. दुसऱ्याच दिवशी ओरेगॉन राज्यातील डेव्ह अल्मर या गृहस्थांनी रानात एक डबा ठेवून त्याचे अक्षांश-रेखांश जाहीर केले व इतरांना तो शोधण्याचे आव्हान दिले. आजच्या ॲपवरील शोधखेळांचा हा एक महत्त्वाचा आरंभबिंदू मानता येईल.

आता असे खेळ विकत मिळतात. परंतु त्यांपैकी अनेकांची रचना एकाच साच्यातील असते. 'लाल रंगाच्या दारासमोर गटाचे छायाचित्र काढा', 'पुतळ्यासारखे उभे राहा' अशा सूचना जगातील कोणत्याही शहरास लागू पडतात. त्यात हास्यविनोद होतो, पाय मोकळे होतात. गाव मात्र कळत नाही. म्हणून आपला खेळ आपणच रचणे श्रेयस्कर.

विषय कोणता घ्यावा?

शोधखेळास एकच विषय असावा. अनेक विषय एकत्र केले की प्रश्न सामान्यज्ञानाच्या स्पर्धेसारखे होतात. करंजाडे येथे ऐतिहासिक वाडे वा किल्ले यांची रांग नाही. त्यामुळे येथे पाहण्यासारखे काय आहे, असा प्रश्न कोणी विचारील. उत्तर गावांच्या नावांतच आहे. करंजाडे हे नाव उच्चारताच करंज आठवतो. वडघर म्हणताच वड समोर येतो. चिंचपाडा म्हणजे चिंच आलीच. ही नावे खरोखरीच त्या त्या वृक्षांवरून पडली काय, हा खेळाचा पहिला प्रश्न, आणि त्याचे उत्तर ग्रामस्थांस विचारूनच मिळवावयाचे आहे. 'नावातील झाड' हा विषय घेतल्यास भाषा, वनस्पतिशास्त्र, भूगोल व इतिहास या चारही बाजूंनी गावाकडे पाहता येते.

खेळाचे पाच थांबे

पहिला थांबा करंजाचा. आयोजकांनी आधी स्वतः फिरून करंजाचे झाड हेरून ठेवावे. पानाच्या एका देठावर किती पर्णिका आहेत, त्यांची संख्या सम की विषम, शेंग चपटी की फुगीर, तिच्यात बिया किती, हे खेळाडूंनी पाहून नोंदवावे. करंजाच्या बियांचे तेल पूर्वी दिव्यासाठी व त्वचेच्या विकारांवर वापरीत. हे झाड ओढ्याकाठी व खारवट जमिनीतही तग धरते. खाडीकाठच्या गावाच्या नावात ते का असावे, याचा अंदाज यावरून बांधता येतो. करंजाड्यात फिरून करंज सापडलाच नाही, तर तेही एक उत्तर होय. अशा वेळी शेवटचा थांबा कोणता, हे आपोआपच ठरते : रोप लावण्याची जागा शोधणे.

दुसरा थांबा वडाचा. पारंब्यांपैकी किती जमिनीस टेकून खोडासारख्या झाल्या आहेत हे मोजावे. वडाखाली पार आहे काय, पारावर कोण बसते, ज्येष्ठ पौर्णिमेस येथे कोण पूजेस येते, हे जवळच्या रहिवाशांस विचारावे. वडघरच्या वडाची एखादी आठवण सांगणारे आजोबा भेटले, तर या थांब्यास वेळेची मर्यादा लावू नये.

तिसरा थांबा चिंचेचा, आणि तो सर्वांत नाजूक आहे. चिंचपाडा हे गाव जागेवरून हलले. त्याचे नाव माणसांबरोबर आले, झाडे मात्र येऊ शकत नाहीत. या थांब्यावर स्थलांतरित कुटुंबातील एखाद्या वडीलधाऱ्या व्यक्तीस आधी भेटून, त्यांची संमती घेऊन बसवावे. मुलांनी त्यांना तीनच प्रश्न विचारावेत : जुन्या गावात सावली कोठे होती? पाणी कोठून आणीत? नव्या जागी येताना बरोबर काय आणले? उत्तरे ऐकून प्रत्येक गटाने कागदावर जुन्या गावाचा साधा नकाशा काढावा व तो सांगणाऱ्यास दाखवून दुरुस्त करून घ्यावा. या दुरुस्तीसाठीच गुण द्यावेत. ज्या गावावर आता धावपट्टी आहे, त्याचा नकाशा कोणत्याही दुकानात विकत मिळणार नाही.

चौथा थांबा गाढी नदीचा. नदी पुलावरील पदपथावरून वा सुरक्षित कठड्यामागूनच पाहावी. खाडी जवळ असल्यामुळे भरती-ओहोटीचे वेळापत्रक हाती ठेवून पाण्याची पातळी व प्रवाहाची दिशा नोंदवावी. दूरवर खाडीकाठी दिसणाऱ्या तिवरांची मुळे चिखलातून वर का येतात, हा प्रश्न येथे विचारण्याजोगा आहे. प्राणवायू घेण्यासाठी, हे त्याचे उत्तर. खाडीच्या पाण्यापासून भातशेती राखण्यासाठी बांध घालीत आणि आतील पाणी सोडण्यासाठी त्यास उघाडी ठेवीत. 'बांध', 'उघाडी', 'खाजण' हे शब्द कोणास ठाऊक आहेत ते विचारून शोधावे.

पाचवा थांबा मोकळ्या जागेचा, जेथून आकाश दिसते. येथे गटाने विमानांची ये-जा पाहावी व उलवे टेकडी पूर्वी कोणत्या दिशेस दिसे, हे एखाद्या जुन्या रहिवाशास हात करून दाखवावयास सांगावे. विमानतळाच्या कुंपणाजवळ जाऊ नये. सर्व गट येथे एकत्र येतील व आपापल्या नोंदी वाचून दाखवतील.

ॲपची योजना

आता साधनाविषयी. मोबाइल किमान चार उपग्रहांचे संकेत एकाच वेळी घेऊन आपले स्थान ठरवितो. मोकळ्या आकाशाखाली ते साधारणतः पाच मीटरपर्यंत अचूक असते. उंच इमारतींच्या दाटीत संकेत भिंतींवर आपटून येतात व चूक वाढते. म्हणून थांब्याचे वर्तुळ वीस ते तीस मीटर त्रिज्येचे ठेवावे. वर्तुळ याहून लहान ठेवल्यास झाडाखाली उभ्या असलेल्या गटासही ॲप 'अजून पुढे जा' असे सांगत राहील.

खास ॲप तयार करणे आवश्यक नाही. पर्यटन-खेळ रचण्याची सोय असलेली ॲप उपलब्ध आहेत. तेवढाही खटाटोप नको असेल, तर थांब्यावर क्यू. आर. कोड ठेवावा. चौकटींच्या जाळीत माहिती साठविणारी ही खूण जपानच्या डेन्सो वेव्ह या कंपनीने १९९४ साली मोटारींच्या सुट्या भागांची नोंद ठेवण्यासाठी तयार केली होती. तिचा कागद झाडास खिळ्याने ठोकू नये. जवळच्या दुकानदारास विनंती करून त्याच्या दर्शनी भागात लावावा. दुकानदार हाही खेळातील एक सहभागी होतो, हा अधिकचा लाभ. नकाशा व प्रश्न आधीच मोबाइलमध्ये उतरवून घ्यावेत, म्हणजे संपर्क तुटला तरी खेळ अडत नाही.

प्रश्न रचताना एक कसोटी लावावी. जो प्रश्न घरबसल्या सुटतो, तो बाद. प्रश्न पाहून, मोजून किंवा विचारून सुटणारा असावा, आणि या तिन्ही प्रकारांची संख्या साधारण सारखी ठेवावी. 'वडाचे शास्त्रीय नाव काय?' हा प्रश्न निरुपयोगी; 'या वडाच्या किती पारंब्या जमिनीस टेकल्या आहेत?' हा उपयोगी. पहिल्याचे उत्तर मोबाइल देतो. दुसऱ्यासाठी मोबाइल खिशात ठेवावा लागतो.

गट, गुण आणि वेळ

एका गटात पाच जण व एकच मोबाइल असावा. प्रत्येकाच्या हाती यंत्र दिल्यास पाचही माना खाली झुकतात. थांबा बदलला की मोबाइल पुढच्याच्या हाती जावा. उरलेल्यांनी वाचन, नोंद, मोजणी व विचारपूस ही कामे वाटून घ्यावीत. गट पाडताना एकाच इमारतीतील मुले एकत्र ठेवू नयेत. गावठाणातील एक, पुनर्वसन वसाहतीतील एक व नव्या इमारतींतील दोघेतिघे अशी सरमिसळ केल्यास 'हे कोणास विचारावे?' या प्रश्नाचे उत्तर गटातच सापडते. एरवी बोलीमुळे संकोचणारा मुलगा या खेळात गटाचा वाटाड्या ठरतो, हे या रचनेचे सर्वांत मोठे यश होय.

लवकर पोहोचण्यास गुण नसावेत. वेगास गुण दिले की मुले रस्ता न पाहता धावतात आणि वडीलधाऱ्यांचे बोलणे अर्ध्यावर तोडतात. ऐकलेला नवा शब्द, दुरुस्त केलेला नकाशा, अचूक मोजणी यांना गुण द्यावेत.

काळ फेब्रुवारीअखेरचा योग्य. ऊन कडक झालेले नसते, चिंचा पिकू लागलेल्या असतात. २७ फेब्रुवारी हा मराठी भाषा गौरव दिन. नावांचा माग काढण्यास याहून समर्पक दिवस कोणता? सकाळी साडेसातला आरंभ करून दहाच्या आत समारोप करावा. पावसाळ्यात हा खेळ ठेवू नये. २६ जुलै २००५ च्या अतिवृष्टीचा अनुभव असलेल्या या परिसरात नदीकाठ हे पावसाळी खेळाचे स्थान नव्हे.

घ्यावयाची दक्षता

प्रत्येक गटासोबत एक प्रौढ व्यक्ती असावी; तिने उत्तरे सांगू नयेत, रस्ता ओलांडण्याकडे लक्ष द्यावे. चालताना मोबाइलकडे पाहावयाचे नाही, हा नियम मोडल्यास गुण वजा करावेत. कोणाच्याही घराचे वा व्यक्तीचे छायाचित्र संमतीशिवाय काढू नये. मुलांची माहिती मागणारे ॲप वापरताना पालकांची परवानगी घ्यावी. २०२३ च्या डिजिटल व्यक्तिगत माहिती संरक्षण अधिनियमात अठरा वर्षांखालील व्यक्तींच्या माहितीसाठी पालकांच्या संमतीची तरतूद आहे. शक्यतो नावाऐवजी गटास झाडांची नावे द्यावीत. विषयासही ते शोभून दिसते.

विस्थापनाच्या आठवणी काहींना दुःखदायक असू शकतात, याचे भान ठेवावे. कोणी बोलण्यास नकार दिल्यास आग्रह धरू नये. भूखंड, मोबदला, वाद यांविषयी मुलांनी प्रश्न विचारू नयेत. सांगणाऱ्याने स्वतःहून सांगितले तर शांतपणे ऐकावे आणि निघताना नमस्कार करून आभार मानावेत.

खेळ संपल्यानंतर

क्षेत्रभेट ही शालेय भूगोलातील परिचित पद्धती आहे. क्षेत्रभेटीनंतर अहवाल लिहावयाचा असतो. शोधखेळानंतरही काहीतरी मागे उरले पाहिजे. मुलांनी काढलेले जुन्या गावांचे नकाशे एकत्र शिवून त्याची एक वही ग्रामपंचायतीस व एक शाळेच्या ग्रंथालयास द्यावी. ऐकलेल्या शब्दांची यादी अर्थासह करावी. २००४ साली सुरू झालेल्या ओपनस्ट्रीटमॅप या खुल्या नकाशात कोणीही नागरिक भर घालू शकतो. वड, विहीर, पार, तळे यांची स्थानिकांच्या तोंडी असलेली नावे खातरजमा करून मराठीत त्यावर नोंदविता येतील. पुढील वर्षी 'पाणी' हा विषय घेऊन विहिरी, तळी व नदी यांचा माग काढावा. त्यापुढील वर्षी ज्यांनी आधी खेळ खेळला, त्यांनीच प्रश्न रचावेत.

या सर्व उपक्रमास लागणारा खर्च अल्प आहे : काही कागद, पेन्सिली, पिण्याचे पाणी आणि चार-पाच मोबाइल. श्रम लागतात ते आयोजकांनी आधी गावातून दोन-तीनदा पायी फिरण्याचे व ज्येष्ठांच्या भेटी घेण्याचे. या पूर्वतयारीस पर्याय नाही आणि ती उद्यावर ढकलण्याजोगीही नाही. जुन्या चिंचपाड्याची सावली ज्यांनी भोगली, उलवे टेकडीवर ज्यांनी गुरे चारली, त्यांचे वय वाढत आहे. ॲपमधील नकाशा दरवर्षी नवा होईल; त्यांच्या मनातील नकाशा मात्र त्यांच्यापाशी बसूनच उतरवून घ्यावा लागेल.

असा खेळ खेळून घरी परतलेल्या मुलास पुन्हा एकवार पत्ता विचारावा. तो सेक्टरचा क्रमांक सांगेलच. परंतु त्यापुढे 'वडाच्या पाराशेजारी, चिंचपाड्याचे आजोबा राहतात त्या गल्लीत' असे तो म्हणाला, तर खेळाचा हेतू सफल झाला असे समजावयास हरकत नाही.